तारामतीचे दागिने

दादरच्या मेन रोडवरच्या एका बंगल्यात १९१२ साली रात्रीची जेवणं आटोपली की स्वयंपाकघराची दारं-खिडक्या घट्ट लावून घेतल्या जात. उजेडाची एक तिरीपही आत येता कामा नये, असा बंदोबस्त असे. मग अंधारात एक बाई यंत्रापुढे बसे आणि कोऱ्या फिल्मच्या कडांना भोकं पाडू लागे. त्या काळी कच्ची फिल्म भोकांशिवाय येई. भोकं सारख्या अंतरावर पडली नाहीत तर कॅमेऱ्याचे दाते फिल्म धरत नसत. डोळ्यांचा उपयोग नाही, सगळं बोटांच्या भरवशावर. दिवसा याच बाई साठ-सत्तर माणसांचा स्वयंपाक करत, कपडे धूत, फिल्म धुवायची रसायनं कालवत आणि उन्हाच्या तिरिपीसमोर पांढरी चादर धरून उभ्या राहत.

या सरस्वतीबाई फाळके. ज्या रस्त्यावर तो बंगला होता, त्याला आज दादासाहेब फाळक्यांचं नाव आहे.

'राजा हरिश्चंद्र'चं भांडवल कसं जमलं, याचा हिशेब चित्रपटाइतकाच रंजक आहे. छापखान्यातल्या भागीदारांशी बिनसल्यावर सरस्वतीबाईंचे पती धुंडिराज गोविंद ऊर्फ दादासाहेब फाळके यांनी आयुष्यातला सगळ्यात मोठा धोका पत्करला. बारा हजारांच्या विमा पॉलिसी गहाण टाकून दहा हजार रुपये उभे केले आणि फेब्रुवारी १९१२ मध्ये लंडनला जाऊन विल्यम्सन कॅमेरा, भोकं पाडायचं यंत्र अशी सामग्री घेऊन आले. यंत्रं आली, पण चित्रपट काढायला पैसा उरला नाही. तेव्हा त्यांनी कुंडीत वाटाणा पेरला आणि महिनाभर त्याच्यासमोर कॅमेरा लावून रोज थोडंथोडं चित्रण केलं. पडद्यावर तो वाटाणा मिनिटा-दोन मिनिटांत रुजला, वर आला, वेलीसारखा चढला. हे पाहून यशवंतराव नाडकर्णी आणि नारायणराव देवहारे कर्ज द्यायला तयार झाले. या व्यवसायातला पहिला 'पायलट', म्हणजे पैसा मिळवण्यासाठी दाखवायचा नमुना, म्हणायचा तर तो वाटाण्याचा. तरीही पैसा पुरेना. शेवटी सरस्वतीबाईंचे दागिने तारण गेले.

चित्रपट पुरा व्हायला सहा महिने सत्तावीस दिवस लागले. लांबी ३,७०० फूट. ३ मे १९१३ रोजी गिरगावच्या कॉरोनेशनमध्ये तो लोकांसमोर आला. पडद्यावर तारामती झाले होते ते उपाहारगृहात काम करणारे साळुंके. तारामती करा म्हणून फाळक्यांनी आधी सरस्वतीबाईंनाच विचारलं होतं, असंही सांगितलं जातं. त्यांनी नकार दिला, कारण घरातली आणि कारखान्यातली कामं त्यांच्याशिवाय अडली असती. पण खरी तारामती कोण होती? कथेतला हरिश्चंद्र ऋण फेडायला बायको आणि मुलगा विकतो. पडद्यामागे एका घराने अंगावरचं सोनं आणि उद्याची सोय, दोन्ही पणाला लावली होती. रोहिदासाची भूमिकाही फाळक्यांच्याच मुलाने, भालचंद्रने केली. मराठी माणसाने काढलेल्या पहिल्या पूर्ण लांबीच्या चित्रपटाचा विषय कर्जफेड असावा, हा योगायोग मोठा बोलका आहे.

चित्रपटाच्या इतिहासात दिग्दर्शक लक्षात राहतो, नट-नट्या राहतात, गाणी तर पिढ्यान्‌पिढ्या राहतात. निर्मात्याचं नाव श्रेयनामावलीत मोठ्या अक्षरांत येतं आणि सगळ्यांत लवकर पुसलं जातं. मराठीत या व्यवसायाचा इतिहास लिहायचा, तर प्रत्येक पिढीने काय गहाण टाकलं आणि गहाण सोडवल्यावर हाती काय उरलं, ते विचारत जावं लागतं. सरस्वतीबाईंना 'दादासाहेबांच्या पत्नी, त्यांनी मोलाची साथ दिली' एवढ्यावर बोळवायची सवय सोडली पाहिजे. भांडवल त्यांनी दिलं, कच्चा माल त्यांनी तयार केला, युनिट त्यांनी पोसलं. आजच्या भाषेत हे सहनिर्मात्याचं काम आहे आणि त्यांना तसंच म्हटलं पाहिजे.

१९१७ च्या 'लंकादहन'ने एवढा गल्ला जमवला की नाण्यांच्या थैल्या बैलगाडीतून न्याव्या लागल्या, अशी गोष्ट सांगतात. त्या यशानंतर फाळक्यांना भागीदार मिळाले आणि १९१८ च्या आरंभी नाशिकला हिंदुस्थान सिनेमा फिल्म्स कंपनी सुरू झाली. पाच धनिक भागीदारांचा पैसा आणि फाळक्यांची कला, असा मेळ. तो फार टिकला नाही. चित्रीकरणाला किती दिवस लागावेत, खर्च किती व्हावा, कोणाला किती पगार द्यावा, या प्रश्नांवरून खटके उडू लागले. फाळके राजीनामा देऊन काशीला निघून गेले. तिथे त्यांनी 'रंगभूमी' हे नाटक लिहिलं. हरिश्चंद्रही ऋण फेडायला काशीलाच गेला होता. फाळके १९२२ मध्ये कंपनीत परतले, पण मालक म्हणून नव्हे.

कोल्हापुरात याच सुमाराला वेगळ्या तऱ्हेने पैसा उभा राहत होता. बाबुराव पेंटरांच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीला भांडवल दिलं ते तानीबाई कागलकर या गायिकेने. तिथे तयार झालेले व्ही. शांताराम, विष्णुपंत दामले, फत्तेलाल आणि केशवराव धायबर बाहेर पडले, तेव्हा त्यांच्यापाशी हुन्नर होतं, पैसा नव्हता. सीताराम कुलकर्णी हे सराफ-सावकार पाचवे भागीदार झाले आणि १ जून १९२९ रोजी प्रभात फिल्म कंपनी उभी राहिली. ज्या पेढीवर इतरांचं सोनं गहाण पडतं, तिचा धनीच निर्मात्यांच्या पंगतीला येऊन बसला होता.

प्रभातची थोरवी तिच्या चित्रपटांनी सिद्ध केली आहेच. पण निर्मितीची घडी म्हणूनही प्रभात असामान्य होती. नटापासून सुतारापर्यंत सगळे महिन्याच्या पगारावर. कंपनीचा स्वतःचा स्टुडिओ, स्वतःची प्रयोगशाळा, पुढे स्वतःची चित्रपटगृहं आणि वितरण. १९३३ मध्ये कंपनी पुण्याला हलली. 'संत तुकाराम' १९३६ मध्ये मुंबईच्या सेंट्रलमध्ये ५७ आठवडे चालला आणि पुढच्या वर्षी व्हेनिसच्या महोत्सवात त्याची वाखाणणी झाली. एक चित्रपट पडला तर दुसरा सावरून धरी. धोका पाच खांद्यांवर वाटलेला असे, आणि तयार झालेली निगेटिव्ह कंपनीच्या तिजोरीत राही. मराठी निर्मात्याला एवढं सुरक्षित छत पुन्हा कधी लाभलं नाही.

प्रभातचा पहिला बोलपट 'अयोध्येचा राजा' फेब्रुवारी १९३२ मध्ये लागला. पुन्हा हरिश्चंद्र, पुन्हा तेच ऋण. यावेळी तारामती झाली होती दुर्गा खोटे. मुंबईच्या सॉलिसिटर लाडांची, घरी कोकणी बोलणारी, कॉलेजात शिकलेली मुलगी. पदरात दोन मुलगे, आणि पोट भरण्यासाठी ती पडद्यावर आली, तीही घरंदाज बाईने सिनेमात जाणं लाजिरवाणं मानलं जाई त्या काळात. तिचं अभिनेत्री म्हणून खूप कौतुक झालं. निर्माती म्हणून तिची कारकीर्द मात्र कोणी नीट मांडून ठेवली नाही. कंपनीच्या पगारावर बांधून घेण्याचा रिवाज असताना तिने एकेका चित्रपटापुरतं काम करण्याचं स्वातंत्र्य राखलं. तिशीच्या दशकाच्या उत्तरार्धात तिने 'साथी' हा चित्रपट स्वतः काढला आणि दिग्दर्शितही केला. पुढे फॅक्ट फिल्म्स आणि दुर्गा खोटे प्रॉडक्शन्स या नावांनी तिने कित्येक वर्षं अनुबोधपट आणि जाहिरातपट केले. तिच्याकडे आपण पुन्हा येऊ.

१९४२ मध्ये शांताराम प्रभातमधून बाहेर पडले आणि परळला त्यांनी राजकमल उभारलं. १९४५ मध्ये दामले गेले. १९५३ मध्ये प्रभातला टाळं लागलं. देशभरच्या स्टुडिओंवर तीच पाळी आली. युद्धकाळात कच्च्या फिल्मवर रेशन होतं, काळा पैसा वाहत होता, आणि पगारी नट जाऊन चित्रपटागणिक रक्कम ठरवणारे तारे आले. स्टुडिओ भाड्याने द्यायची जागा झाली. निर्माता एकटा पडला. त्याच्याकडे ना प्रयोगशाळा, ना पगारी माणसं. एक कथा, वहीत जुळवलेली काही नावं आणि दरमहा व्याज मोजणारा फायनान्सर, एवढ्यावर तो चित्रपट काढू लागला.

भालजी पेंढारकर या काळातले बिनीचे निर्माते. गांधीहत्येनंतर उसळलेल्या दंगलीत १९४८ मध्ये कोल्हापूरचा त्यांचा जयप्रभा स्टुडिओ जळाला. त्यांनी तो राखेतून पुन्हा उभा केला. पण कर्जाचा डोंगर उतरला नाही आणि अखेर स्टुडिओच हातचा गेला. त्याच काळात आचार्य अत्र्यांनी 'श्यामची आई' काढला आणि राष्ट्रपतींचं पहिलं सुवर्णपदक मिळवलं. अनंत मान्यांचा 'सांगत्ये ऐका' पुण्याच्या विजयानंदमध्ये १३१ आठवडे चालला. एकीकडे असे विक्रम होत होते, तर दुसरीकडे दर वर्षी काही नवे निर्माते एक चित्रपट काढून कायमचे गायब होत होते. शेत विकून, घर गहाण टाकून, भावाच्या नावावर कर्ज काढून आलेली ती माणसं होती. एका चित्रपटापलीकडे त्यांची नावं कुठे सापडत नाहीत.

पैसा परत यायचा तो कसा, हे जवळून पाहण्यासारखं आहे. मराठी चित्रपटाच्या प्रिंट मोजक्या निघत, कारण प्रत्येक प्रिंटला पैसा लागे. मुंबई-पुण्यातला पहिला आठवडा आटोपला की रिळांच्या पत्र्याच्या पेट्या एसटीच्या टपावर चढत आणि जिल्ह्याच्या गावी उतरत. तिथून तालुक्याला. तिथून जत्रेला. साताऱ्याजवळच्या पुसेगावच्या यात्रेत टुरिंग टॉकीजचे तंबू लागत. प्रोजेक्टर ट्रकवर, पडदा बांबूवर, बायका एका अंगाला आणि पुरुष दुसऱ्या. पेटीबरोबर निर्मात्याचा किंवा वितरकाचा प्रतिनिधी असे. त्याचं काम एकच. दारात उभं राहून तिकिटांचे नंबर टिपायचे, खेळ संपल्यावर रोकड मोजायची आणि उजाडायच्या आत पुढच्या गावची गाडी धरायची. हा माणूस प्रामाणिक निघाला तर निर्माता तरायचा. प्रिंटवर ओरखडे पडत, रिळं तुटत, जोडताना चार चौकटी कापल्या जात. वर्षभर फिरून परत आलेली प्रिंट मूळच्यापेक्षा आखूड असे.

दादा कोंडके या जत्रेतल्या माणसाला ओळखून होते, कारण लालबाग-नायगावच्या चाळीत, कामगारांच्या मेळ्यांत आणि सेवादलाच्या कलापथकात ते वाढले होते. 'सोंगाड्या' त्यांनी १९७१ मध्ये स्वतः काढला. दादरच्या कोहिनूरमध्ये तो लागायचा, तर तिथे देव आनंदच्या 'तेरे मेरे सपने'ची वर्णी लागली. कोंडके बाळासाहेब ठाकऱ्यांकडे गेले, शिवसैनिक रस्त्यावर उतरले आणि 'सोंगाड्या' लागला. पुढे त्यांच्या ओळीने नऊ चित्रपटांनी रौप्यमहोत्सव केला आणि गिनीज बुकात नोंद झाली. त्यांच्या विनोदाबद्दल भरपूर लिहिलं गेलं. निर्माते म्हणून त्यांनी केलेलं एक काम मात्र तितकंच मोठं आहे. आपला प्रेक्षक नेमका कुठे आहे, तो तिकिटाला किती पैसे देऊ शकतो, वर्षातल्या कोणत्या महिन्यात त्याच्या हातात पैसा असतो, हे त्यांनी कोणत्याही वितरकापेक्षा जास्त जाणलं. मराठी चित्रपटाला थिएटर मिळत नाही, ही आजही चालू असलेली ओरड तेव्हा कोहिनूरच्या दारातच पहिल्यांदा रस्त्यावर आली.

१९७५ मध्ये महाराष्ट्र सरकारने करमणूक कर परताव्याची योजना आणली. निर्मात्याच्या चित्रपटावर गोळा झालेला कर त्याला पुढच्या मराठी चित्रपटासाठी परत मिळू लागला. ऐकायला ही रुक्ष सरकारी बाब वाटते. पण पहिला चित्रपट काढून हात पोळलेला निर्माता दुसरा काढू शकला, तो या परताव्यामुळे. ऐंशीच्या दशकातली मराठी चित्रपटांची लाट, महेश कोठाऱ्यांचा 'धुमधडाका', सचिन पिळगावकरांनी दिग्दर्शित केलेला 'अशी ही बनवाबनवी', हे सगळं या पायावर उभं आहे. पुढे परताव्याऐवजी 'अ' आणि 'ब' असे दर्जे ठरवून अनुदान देण्याची पद्धत आली. त्यात एक मोठा फरक पडला. परतावा मिळवायला चित्रपट चालावा लागे. अनुदानाला समितीची मान्यता पुरे होते.

मधल्या काळात वरळीहून एक नवं माध्यम घरात शिरलं होतं. २ ऑक्टोबर १९७२ रोजी मुंबई दूरदर्शन सुरू झालं आणि 'निर्माता' या शब्दाचा अर्थच बदलला. इथे निर्माता हे सरकारी नोकरीतलं पद होतं. 'प्रतिभा आणि प्रतिमा'च्या सुहासिनी मुळगावकर, 'ज्ञानदीप'चे आकाशानंद, 'गजरा'चे विनायक चासकर ही माणसं महिन्याच्या पगारावर काम करत. विषय निवडायचा, कलावंत जमवायचे, स्टुडिओची पाळी मिळवायची, ठरलेल्या तुटपुंज्या रकमेत कार्यक्रम बसवायचा. गहाण टाकायचं काही नाही, कमवायचंही काही नाही. तरी त्यांनी जे केलं त्यात हौस ओतप्रोत भरलेली होती. 'ज्ञानदीप' पाहणाऱ्यांची गावोगाव मंडळं निघाली. दिलीप प्रभावळकरांचा चिमणराव आणि बाळ कर्व्यांचा गुंड्याभाऊ ज्या घरात टीव्ही असेल तिथे शेजाऱ्यापाजाऱ्यांसह पाहिला जाई. मराठी करमणुकीच्या इतिहासात या सरकारी निर्मात्यांचा धडा अजून नीट लिहिलेला नाही, याची खंत वाटते.

१९८४ मध्ये 'हम लोग' आली आणि दूरदर्शनची दारं खासगी निर्मात्यांना उघडली. व्यवहार असा असे: निर्मात्याने पटकथा दूरदर्शनच्या दिल्लीतल्या मुख्यालयाला, मंडी हाऊसला पाठवायची, मंजुरी मिळाली की स्वतःच्या पैशाने भाग तयार करायचे आणि प्रक्षेपणाची फी दूरदर्शनला भरायची. बदल्यात जाहिरातींसाठी काही सेकंद मिळत. ते सेकंद विकून खर्च भरून काढायचा. म्हणजे कथा घेऊन दिल्लीला खेटे घालणारा, सेटवर उभा राहणारा आणि साबण-टूथपेस्टच्या कंपन्यांच्या दारात सेकंद विकत हिंडणारा माणूस एकच. धोका मोठा होता, पण मालिका त्याच्या मालकीची राही.

या खिडकीतून दुर्गा खोटे प्रॉडक्शन्सची 'वागले की दुनिया' १९८८ मध्ये आली. कथा आर. के. लक्ष्मण यांची, दिग्दर्शन कुंदन शाह यांचं, मुख्य भूमिकांत अंजन श्रीवास्तव आणि भारती आचरेकर. १९३२ मध्ये जी मराठीतल्या पहिल्या बोलपटाची तारामती झाली, तिच्याच संस्थेने छप्पन्न वर्षांनी मुंबईतल्या एका साध्या कारकुनाचा संसार टीव्हीवर आणला. दुर्गाबाई १९९१ मध्ये गेल्या. एका माणसाच्या आयुष्यात मूकपट संपला, बोलपट आला, स्टुडिओ उभे राहिले, कोसळले आणि मालिका सुरू झाल्या. या सगळ्यात ती नुसती साक्षीदार नव्हती, प्रत्येक टप्प्यावर व्यवहारात उतरलेली होती.

त्याच वर्षांत दूरदर्शनच्या बातम्यांमधला एक ओळखीचा चेहरा निर्मितीकडे वळत होता. स्मिता तळवलकरांनी सतरा वर्षं बातम्या दिल्या. १९८६ मध्ये त्या पडद्यावर आल्या, आणि अभिनयात स्थिरावण्याआधीच त्यांनी अस्मिता चित्र ही संस्था काढली. कांचन नायक दिग्दर्शित 'कळत नकळत' १९८९ चा. संसार, विवाहबाह्य गुंतणं आणि त्यातून सावरणारी बाई हा विषय. विनोदी चित्रपटांचा पूर ओसंडून वाहत असताना असा विषय घेणं सोपं नव्हतं. त्याला सर्वोत्कृष्ट मराठी चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. हा पुरस्कार दिग्दर्शकाबरोबर निर्मात्यालाही दिला जातो, ही राष्ट्रीय पुरस्कारांची फार चांगली रीत आहे. मग संजय सूरकरांच्या दिग्दर्शनात 'चौकट राजा', स्मिताताईंनी स्वतः दिग्दर्शित केलेला 'सवत माझी लाडकी', पुन्हा सूरकरांबरोबर 'तू तिथे मी', आणि त्यालाही राष्ट्रीय पुरस्कार.

'चौकट राजा'कडे नीट पाहिलं की त्यांची निर्माती म्हणून नजर कळते. मतिमंद प्रौढ नायक, बालपणीची मैत्रीण, अपराधीपणाची बोच. विक्रीसाठी काहीच सोयीचं नाही. पण दिलीप प्रभावळकरांचा नंदू आज तीस वर्षांनंतरही लोकांच्या मनात आहे. मध्यमवर्गीय घरातल्या, विशेषतः बायकांच्या मनातल्या न बोललेल्या गोष्टींना प्रेक्षक आहे, हे त्यांनी ओळखलं होतं. तोच प्रेक्षक पुढे रोज रात्री टीव्हीसमोर बसणार होता.

१५ ऑगस्ट १९९९ रोजी अल्फा मराठी ही वाहिनी सुरू झाली. वर्षभरात ई टीव्ही मराठी आली. मराठी निर्मात्यांना एवढं काम कधीच मिळालं नव्हतं. अस्मिता चित्रची 'अवंतिका' स्नेहलता दसनूरकरांच्या कथेवरून आली, मृणाल देव-कुलकर्णी घराघरात पोचल्या. 'ऊन पाऊस', 'पेशवाई' अशा मालिका आल्या. स्मिताताईंनी नव्या मुलांना अभिनय आणि तंत्र शिकवण्यासाठी वर्ग सुरू केले, कारण एवढ्या मालिकांना पुरेल इतकी तयार माणसं नव्हती. २०१० पासून त्या कर्करोगाशी झुंजत होत्या. तेव्हाही काम थांबलं नाही. ६ ऑगस्ट २०१४ रोजी त्या गेल्या, साठीही पुरी झाली नव्हती. त्यांच्या चित्रपटांचे दिग्दर्शक सूरकर त्यांच्या दोन वर्षं आधीच गेले होते.

वाहिन्या आल्या आणि तारण ठेवण्याची रीतही बदलली. आता मालिका वाहिनीने मागवायची, भागामागे रक्कम ठरवायची, आणि निर्मात्याने ती करून द्यायची. जाहिराती विकायची कटकट गेली. त्याबरोबर मालकीही गेली. कथा, पात्रं, भागांचे हक्क बहुतेक करारांत वाहिनीकडे असतात. ई टीव्हीवरची 'चार दिवस सासूचे' तीन हजारांहून अधिक भाग चालली. मालिका चालते तोवर निर्मात्याला महिन्याची आमदनी असते. बंद पडली की उरतो तो पुढच्या कामासाठी लागणारा लौकिक.

रोजच्या मालिकेचं गणित असं चालतं. आठवड्याला सहा भाग, प्रत्येक भाग बावीस मिनिटांच्या आसपास. म्हणजे रोज एक भाग पुरा झालाच पाहिजे. मढचा बंगला किंवा ठाण्याच्या घोडबंदर रोडवरचा स्टुडिओ. सकाळी सातचा कॉल टाइम, बारा तासांची शिफ्ट. स्पॉटदादा चहा-पोहे मांडतो तोवर मेकअपमध्ये सासू बसलेली असते. संवाद रात्री उशिरा व्हॉट्सअपवर आलेले. हाताशी चार-सहा भागांची 'बँक' असली तर निर्माता सुखाने झोपतो. नट आजारी पडला, पाऊस कोसळला, गुरुवारी टीआरपीचा आकडा खाली आला आणि वाहिनीच्या माणसाने कथानक बदलायला सांगितलं, की बँक संपते. भागाचे पैसे हाती यायला सहसा तीन महिने लागतात. तोवर पन्नास-साठ माणसांचा रोजचा चहा, जेवण, गाड्या आणि जागेचं भाडं निर्मात्याच्या खिशातून. सरस्वतीबाईंच्या स्वयंपाकघरात जेवणाऱ्या माणसांची संख्या आणि ही संख्या जवळपास सारखीच भरते.

२००४ मध्ये 'श्वास'ने दाखवलं की जुनी रीत मेलेली नाही. संदीप सावंत, अरुण नलावडे आणि त्यांच्या सोबत्यांनी पदरचे पैसे एकत्र करून तो काढला. 'श्यामची आई'नंतर पन्नास वर्षांनी मराठीला सर्वोत्कृष्ट चित्रपटाचं सुवर्णकमळ मिळालं. ऑस्करसाठी निवड झाल्यावर अमेरिकेतल्या प्रसिद्धीला पैसा नव्हता. तेव्हा लोकांनी वर्गणी काढली. नाशिकच्या एका शाळेतल्या मुलांनी दिवाळीला पणत्या करून विकल्या आणि ते पैसे दिले. फाळक्यांच्या नाशिकचीच मुलं ती.

करोनाने हा व्यवसाय किती पातळ बर्फावर उभा आहे ते दाखवलं. मार्च २०२० मध्ये चित्रीकरण थांबलं आणि तीन महिने नव्या भागांशिवाय गेले. पैसे देण्याची नव्वद दिवसांची मुदत कमी करा, अशी मागणी कामगार संघटनांनी याच काळात लावून धरली. पुढच्या एप्रिलमध्ये राज्यात पुन्हा चित्रीकरण बंद झालं, तेव्हा मराठी मालिकांनी गोवा गाठलं. सेटचं सामान ट्रकमध्ये, कलाकार बसमध्ये, कथेत अचानक समुद्र आणि नारळीची झाडं. मे महिन्यात गोव्यातही रुग्ण वाढले, स्थानिकांनी विरोध केला आणि सरकारने परवानगी काढून घेतली. पुन्हा सगळं गुंडाळून नवी जागा शोधायची. या धावपळीचा खर्च ठरलेल्या भागामागच्या रकमेत बसणारा नव्हता.

मालिका बंद होते तेव्हा शेवटच्या दिवशी केक कापतात, फोटो काढतात, रडतात. दुसऱ्या दिवशी सुतार येतात. प्लायवुडच्या भिंती उतरवतात, देवघर, जिना, स्वयंपाकघराचा ओटा सुटा करून टेम्पोत भरतात. एका खोलीत कॉस्च्युम विभागातला मुलगा यादी घेऊन जमिनीवर बसलेला असतो. ठुशी दोन, कोल्हापुरी साज एक, मोहनमाळ एक, पाटल्यांचे चार जोड, नथी सात, त्यांपैकी एकीचा मोती निखळलेला. सगळं खोटं सोनं. एकेक नग तो टिश्यू पेपरात गुंडाळतो, यादीवर खूण करतो आणि प्लास्टिकच्या डब्यात ठेवतो. डब्यावर मालिकेचं नाव लिहिलेली चिकटपट्टी असते. ती खरवडून काढून तिथे तो नुसतं 'पायलट' असं लिहितो.